मी मोड्रॉन नव्हे!

माणसाला कोणी गाढव म्हणालं तर एक बरं असतं. गाढव म्हणजे काय ते आपल्याला ठाऊक असतं, त्यामुळं ताबडतोब चिडता येतं. पण परवा माझ्या भाच्यानं भर जेवणात "मामा, तू ना, अगदी मोड्रॉन आहेस," असं सुनावलं, तेव्हा रागवावं की आभार मानावेत हेच मला कळेना. ऐकताना ते पोटदुखीवरच्या गोळीचं नाव वाटत होतं. दिवसातून दोनदा, जेवणानंतर. मी आशेनं हिच्याकडे पाहिलं. हिनं आमटी वाढता वाढता 'तो म्हणतोय तर असेलही' अशी मान हलवली. लग्नाला वीस वर्षं झाली की बायका नवऱ्यावरच्या आरोपांचा पुरावा मागत नाहीत.

भांडणाचं मूळ होतं बिस्किटांचा पुडा. आमच्या घरात एक नियम आहे: जुना पुडा संपल्याशिवाय नवा फोडायचा नाही. नियम मी केलेला आहे आणि पाळतोही मीच. जुन्या पुड्यात दीड बिस्कीट शिल्लक होतं, तेही सर्दी झाल्यासारखं मऊ. भाच्याचं म्हणणं, ते कोणी खाणार नाही, नवा फोडू. माझं म्हणणं, शिल्लक ती शिल्लक. त्यावर हा मोड्रॉन निघाला.

भाचा इंजिनिअरिंगला आहे आणि आमच्याकडेच राहतो. दर शनिवारी संध्याकाळी त्याचे चार मित्र येतात, आमच्या जेवणाच्या टेबलाचा ताबा घेतात आणि वीस बाजूंचा फासा खुळखुळवत 'डंजन्स अँड ड्रॅगन्स' नावाचा खेळ खेळतात. हा खेळ गॅरी गायगॅक्स आणि डेव्ह आर्नेसन या दोघा अमेरिकनांनी 1974 साली काढला. एकानं गोष्ट सांगायची, बाकीच्यांनी तिच्यातली पात्रं व्हायचं, आणि पुढं काय घडणार ते फाशांनी ठरवायचं. फाशांवर भवितव्य सोपवलं की काय होतं ते आपण महाभारतापासून जाणतो. इथं राज्य जात नाही, चिवडा जातो, एवढाच फरक.

या खेळाच्या जगात मोड्रॉन नावाची एक जमात आहे. तिचा एक सभासद मला दुसऱ्या दिवशी हिच्या मिसळणाच्या डब्यात, मोहरीच्या वाटीत सापडला. भाच्याच्या मित्रानं यंत्रावर छापून काढलेली अंगठ्याएवढी बाहुली. गोल चेंडूसारखं अंग, त्यात मधोमध एकच भला मोठा डोळा, काड्यांसारखे हातपाय आणि पाठीवर उगाच दिल्यासारखे दोन पंख. त्या एका डोळ्यानं तो माझ्याकडे असा पाहत होता, की मला आमच्या बँकेतली सोमवारची सकाळ आठवली.

आता आपल्याला शिवी दिली गेली आहे की नाही याची शहानिशा करणं भाग होतं. मी कॉमर्सचा पदवीधर. व्हाउचर तपासल्याशिवाय नोंद करायची नाही ही माझी सवय. दुसऱ्या शनिवारची सुट्टी धरून मी भाच्याची जाडजूड पुस्तकं हेड ऑफिसचं परिपत्रक वाचावं तशी वाचून काढली, म्हणजे पेन्सिलीनं खुणा करत आणि मधूनमधून डुलक्या काढत. आणि वाचकहो, काय सांगू! या जमातीच्या मी प्रेमात पडलो.

मोड्रॉन प्रथम अवतरले 1983 साली, त्या खेळाच्या राक्षसकोशाच्या दुसऱ्या भागात. अर्धं यंत्र, अर्धा जीव अशी त्यांची घडण. राहतात 'मेकॅनस' नावाच्या लोकात, जिथं जमीन म्हणून काही नाही. आहेत ती एकात एक अडकलेली, अखंड फिरणारी अवाढव्य दातेरी चाकं. गंमत म्हणजे खेळाच्या सुरुवातीच्या पुस्तकांत याच लोकाचं नाव 'निर्वाण' होतं. आपल्याकडे ऋषिमुनी हजारो वर्षं हिमालयात जाऊन जे शोधत होते, ते अमेरिकनांच्या मते एक चांगलं चाललेलं ऑफिस होतं.

आणि ऑफिस तरी कसलं! एकूण पंधरा पायऱ्या. तळाशी मोनोड्रोन, तो माझ्या मोहरीतला. याला एका वेळी एकच साधं काम जमतं, आणि निरोप न्यायचा झाला तर जास्तीत जास्त 48 शब्दांचा. (हे ऐकून ही म्हणाली, "म्हणजे सांगितलेलं एक काम तरी करतो ना? मग मोड्रॉन वेगळा आणि तुम्ही वेगळे.") त्याच्या वर ड्युओड्रोन, त्याला दोन कामं जमतात. मग ट्रायड्रोन, क्वाड्रोन, पेंटाड्रोन. इथवर कामगारवर्ग. त्याच्या वर दहा पायऱ्यांचा अधिकारीवर्ग, आणि तिथं तर माझ्यातला हिशेबनीस गहिवरून आला. सगळ्यात वर प्रायमस, एक. त्याच्या खाली चार, मग नऊ, मग सोळा, मग पंचवीस, असं करत शेवटच्या पायरीवर बरोबर शंभर. सगळे वर्गांक! बेरीज 385. कॅल्क्युलेटर न लावता केली, दोनदा ताळा घेतला.

बढतीची पद्धत तर कर्मचारी संघटनेनं ठराव करून मागावी अशी. वरच्या पायरीवरचा एक खलास झाला, की त्याच क्षणी खालच्या पायरीवरचा एक वर चढतो, त्याच्या जागी त्याच्या खालचा, असं तळापर्यंत. लेखी परीक्षा नाही, मुलाखत नाही, सीनिऑरिटीच्या यादीवर हरकती नाहीत, बढतीबरोबर गडचिरोलीची बदली नाही. मेलेला मोड्रॉन स्वतःची धूळ करून टाकतो, म्हणजे शोकसभेचा वेळसुद्धा वाचतो.

दर 289 वर्षांनी, म्हणजे चाकांची सतरा वर्षांची आवर्तनं सतरा वेळा पूर्ण झाली की, प्रायमस हुकूम सोडतो आणि मोड्रॉनांची प्रचंड पलटण इतर सगळ्या लोकांतून फेरी मारायला बाहेर पडते. 'महामोर्चा' म्हणतात त्याला. जातात असंख्य, परत येतात थोडे. का जायचं, हे कोणी विचारत नाही. सतरा गुणिले सतरा 289 होतात, एवढं कारण त्यांना पुरतं. मलाही पुरलं असतं.

तेव्हा मी भाच्याला बोलावून म्हणालो, "अरे, ही शिवी नाही, हा तर माझा सत्कार झाला! वेळेवर येतात, सांगितलेलं काम करतात, लाच घेत नाहीत, चहाला जात नाहीत. यांच्यात वाईट काय?"

"वाईट काहीच नाही, मामा," तो म्हणाला. "ते लॉफुल न्यूट्रल आहेत."

आणि इथं, वाचकहो, माझं बिनसलं. या लेखाचं भांडण त्या दोन शब्दांशी आहे.

त्या खेळात प्रत्येक प्राण्याच्या स्वभावासाठी नऊ घरांचा एक तक्ता आहे. एका बाजूला कायदा, मध्य आणि बेबंदशाही; दुसऱ्या बाजूला चांगलं, मध्य आणि दुष्ट. मोड्रॉनांचं घर 'कायदेनिष्ठ-तटस्थ'. म्हणजे हुकूम तंतोतंत पाळायचा आणि तो भला की बुरा या भानगडीत पडायचं नाही. खेळ काढणाऱ्यांनी मोठ्या समजुतीनं हे घर पांढऱ्यात नाही, काळ्यात नाही, असं अगदी मधोमध काढलं आहे. माझं म्हणणं असं, की त्या तक्त्यात असं घरच नाही. ते सस्पेन्स अकाउंट आहे. ज्या रकमेचं काय करायचं ते आज ठरवायचं नसतं, ती रक्कम आपण तिथं टाकतो आणि घरी जातो. पण आज ना उद्या ती कोणाच्या तरी नावावर पडतेच.

पुरावा त्याच खेळात आहे. मोड्रॉनांची एक मेख मी तुम्हाला अजून सांगितलेली नाही. प्रत्येक पायरीवरच्याला फक्त आपल्या लगेच वरची आणि लगेच खालची पायरी कळते. त्यापलीकडे कोणी आहे, हे त्याच्या डोक्यात शिरतच नाही. मोनोड्रोनच्या लेखी ड्युओड्रोन म्हणजे परमेश्वर. प्रायमस नावाचा कोणी आहे, हे त्याच्या गावीही नसतं. आता 1997 साली माँटी कुक आणि कॉलिन मॅककोम यांनी या महामोर्चावर एक मोठी साहसकथा लिहिली. तिच्यात काय झालं? ओर्कस नावाचा राक्षसांचा एक राजा मरून, मेल्यावरही पुन्हा उठून, टेनेब्रस असं नाव घेऊन आला. त्यानं प्रायमसला ठार केलं आणि स्वतःच त्या जागी बसला. त्याचा जादूचा दंड हरवला होता. तो हुडकण्यासाठी त्यानं मोर्चा वेळेच्या आधीच बाहेर काढला. साहेबांची छत्री हरवली म्हणून सगळ्या शाखेला शहरभर पायी पिटाळावं, तसं.

आणि पलटण निघाली. हजारो चेंडू, हजारो ठोकळे, एकेका डोळ्यानं समोर बघत. वरून हुकूम आला, रांगेतून आला, योग्य पायरीवरून आला. खुर्चीत कोण बसलंय हे तळाच्या पायऱ्यांना कळायला मार्गच नव्हता, कारण खुर्ची आहे हेच त्यांना ठाऊक नव्हतं. काल ते एका यंत्रदेवाचे सेवक होते, आज एका राक्षसाचे झाले, आणि त्यांच्या चालीत एका पावलाचा फरक पडला नाही. याला तुम्ही तटस्थ म्हणता? जो कोणाचाही हुकूम विचारल्याशिवाय पाळतो तो तटस्थ नसतो. खुर्चीत जो बसेल त्याचा तो असतो.

हे मी आमच्या शेजारच्या निवृत्त हेडमास्तरांना ऐकवलं. त्यांनी आयुष्यभर घंटेवर शाळा चालवली. त्यांचं मत अर्थातच मोड्रॉनांच्या बाजूनं पडलं. "अहो, नियम आहे म्हणून गरिबाचं काम होतं," ते म्हणाले. "तुमच्या कारकुनांनी डोकं वापरायला सुरुवात केली, की पहिलं डोकं ओळखीच्यांसाठी वापरतील. यंत्र निदान तोंड बघून टिळा लावत नाही."

हा मुद्दा मला मान्य आहे. अगदी शंभर टक्के. नियम मोडणाऱ्यांची पलटणसुद्धा त्या खेळात आहे. बेबंदशाहीच्या लोकात बेडकांसारखे दिसणारे 'स्लाड' नावाचे प्राणी राहतात. जो साहेब ओळखीच्या बिल्डरचं कर्ज कागद न बघता पास करतो, त्याला मी क्रांतिकारक म्हणणार नाही. तो बेडूक आहे. मला बेडूक व्हायचं नाही. पण बेडूक व्हायचं नाही म्हणून एकडोळ्या चेंडूच व्हायला हवं, हा हिशेब मला पटत नाही.

तुम्ही म्हणाल, राव, तुम्ही काउंटरवरचे कारकून. तुमच्याकडे कुठला ओर्कस येतोय? पासबुक भरून द्या आणि गप्प बसा.

तर आता ऐका. हे मी भाच्याला सांगितलेलं नाही, हिलाही नाही.

नोव्हेंबरचा महिना होता. नोव्हेंबरात आमच्याकडे निवृत्तिवेतनवाले हयातीचा दाखला द्यायला येतात. माणूस जिवंत आहे हे वर्षातून एकदा सरकारला कळवावं लागतं, नाही तर पेन्शन थांबते. 2014 पासून हे काम अंगठ्याच्या यंत्रावरही होतं. अंगठा ठेवला, यंत्रानं ओळखला, झाला दाखला. त्या दिवशी एक आजी आल्या. नवऱ्यामागची फॅमिली पेन्शन. आयुष्यभर भांडी घासून आणि शेण थापून बोटांवरच्या रेषा पुसट झालेल्या. यंत्रानं उजवा अंगठा नाकारला, मग डावा, मग एकेक बोट.

"आजी, मशीन घेत नाही."

"मग तू घे की, बाळा. मी तर पुढ्यातच उभी आहे."

मी वर विचारलं. वर म्हणजे माझ्या लगेच वरच्या पायरीवर. तिथून उत्तर आलं, "सिस्टीममध्ये आलं तर घ्या." मी ते आजींना पोचवलं. 48 शब्दांच्या आतच बसलं. त्या गेल्या. दोन दिवसांनी पुन्हा आल्या. कोणीतरी सांगितलं म्हणून बोटांना खोबरेल चोळून आल्या होत्या. यंत्र पुसायला मला पाच मिनिटं लागली आणि नाही म्हणायला एक. मागं रांग होती. मी म्हणालो, "पुढच्या आठवड्यात बघू या."

तिसऱ्या वेळी आल्या तेव्हा मी वेगळंच काही शोधत खालचा खण उपसत होतो. जुन्या कार्बनच्या खाली फॉर्मांचा एक गठ्ठा निघाला. हयातीच्या दाखल्याचा साधा कागदी फॉर्म. पेन्शनरनं शाखेत समोर यायचं, सही किंवा अंगठा करायचा, अधिकाऱ्यानं खात्री करून सही करायची. अंगठ्याचं यंत्र आलं म्हणून हा मार्ग कोणी बंद केलेला नव्हता. तो चालू होता, पहिल्या दिवसापासून, माझ्या गुडघ्यापासून एक वीत अंतरावर.

म्हणजे बघा, मी नियम मोडून त्या बाईचं काम करायला हवं होतं असं नाही. नियम तिच्याच बाजूनं होता. मीच नव्हतो. मी नियम पाळत नव्हतोच, मी फक्त वरची पायरी पाळत होतो. आणि वरच्या पायरीवरचाही काही दुष्ट नव्हे, तोही त्याच्या वरचं बघत होता. सगळ्यात वर कोण होतं? ओर्कस नव्हता. राक्षस असता तर निदान शिव्या तरी देता आल्या असत्या. त्या खुर्चीत कोणीच नव्हतं. 'सिस्टीम' होती. आम्ही एकाखाली एक असे पगारी, पदवीधर, चष्मेवाले लोक, एका रिकाम्या खुर्चीचा हुकूम पाळून एका जिवंत बाईला दोनदा 'तू जिवंत नाहीस' म्हणून परत पाठवत होतो. रांगेत, नम्रपणे, 'आजी' म्हणून.

फॉर्म भरला. सात मिनिटं लागली. आजींनी रागावून चार शब्द ऐकवले असते तर मला बरं वाटलं असतं. त्यांनी काय विचारावं? "मशीन बरं झालं वाटतं?"

मी "हो" म्हणालो. अजून तो एक शब्द माझ्या सस्पेन्स अकाउंटला पडून आहे.

म्हणून माझं भांडण आहे, आणि ते मोहरीतल्या त्या बिचाऱ्या बाहुलीशी नाही. तिला एकच डोळा दिला, तिचा काय दोष? भांडण आहे ते तिच्याकडे बघून "अय्या, किती शिस्तीचे! किती निरुपद्रवी!" म्हणणाऱ्यांशी. दोन डोळे आणि पंधराच्या पंधरा पायऱ्या बघण्याची अक्कल असून जे 'आम्ही काय, वरून आलं ते केलं' म्हणतात, त्यांच्याशी. म्हणजे मुख्यतः माझ्याशीच.

त्या खेळात याला एक उतारा आहे, तोही पुस्तकात मिळाला. कधीकधी एखादा मोड्रॉन बिघडतो. जुनाट होतो, किंवा बाहेरच्या बेबंद वाऱ्याला लागतो, आणि वरच्या हुकुमाबाहेर वागायला लागतो. बाकीचे त्याला हुडकून संपवायला निघतात. 1999 साली आलेल्या 'प्लेनस्केप: टॉर्मेंट' या कॉम्प्युटरवरच्या खेळात असा एक बिघडलेला मोड्रॉन आहे, चौकोनी ठोकळा. त्याचं नाव नॉर्डम. इंग्रजी अक्षरं उलटी वाचा, मोड्रॉनच होतं. सगळी चाकं तीच, फक्त वाचायची दिशा बदललेली. खुर्चीकडून काउंटरकडे न वाचता काउंटरकडून खुर्चीकडे वाचायचं. आधी समोर कोण उभं आहे ते बघायचं, मग तिच्यासाठी कुठला नियम केलाय ते हुडकायचं, खालचा खण उपसावा लागला तरी. याला जर बिघाड म्हणत असतील, तर प्रत्येक शाखेत निदान एक बिघडलेला कर्मचारी असावा अशी माझी सूचना आहे.

भाच्यानं ती बाहुली मला देऊन टाकली. मी ती काउंटरवर ठेवली आहे, तोंड माझ्याकडे करून. साहेबांनी विचारलं, "हे काय?" मी म्हणालो, "सर, नवीन भरती." त्यांनी मान डोलावली आणि ते पुढं गेले. वरून आलं असेल, असं त्यांना वाटलं असावं.

त्या दिवशी घरी आल्यावर मी नवा पुडा फोडला. दीड मऊ बिस्कीट चहात बुडवून स्वतः खाल्लं. नियम कोणासाठी केला होता, हे आठवल्यावर काही अडचण आली नाही.

आता हा एवढा लेख कोणाला वाचायला वेळ नसेल, तर मोनोड्रोनकरवी पाठवता येईल असा निरोप खाली देतो:

'साहेब, हुकूम मिळाला. पाळण्याआधी एक विचारतो: हा कोणाचा, आणि कोणासाठी? समोर आजी उभ्या आहेत. मला दिसतात, बोलतात, घामेजल्यात. यंत्र नाही म्हणतं. खालच्या खणात कागद आहे. तो भरतो. चुकलं तर माझी सही आहे, तिच्यावर बोट ठेवा.'

मोजून पाहा. 35 शब्द झाले. 13 शिल्लक, पुढं ओढले.